एका पत्राची गोष्ट : लेनी विल्कन्स यांचें चरित्र

(महोत्सवानिमित्त भरलेल्या तरुणांच्या सभेंत प्रमुख धर्मगुरूंनीं केलेलें भाषण)



ह्या महोत्सवाच्या निमित्तानें आमच्या शाळेच्या मागील अंगणांत सिमेंटचें मैदान झालें, दोन लोखंडी खांब उभे राहिले, आणि त्यांवर दोन कड्या बसल्या. तेव्हांपासून सायंकाळची जपमाळ चालूं असतां चेंडूचा धपधप आवाज देवळांत ऐकूं येतो, अशी तक्रार कांहीं वृद्ध भगिनींनीं आमच्याकडे केली आहे. तक्रार खरी आहे. तिचा विचार करूं. परंतु त्याच मुलांनीं येऊन आम्हांस विनंति केली कीं, ह्या खेळांतील एखाद्या मोठ्या पुरुषाविषयीं महोत्सवाच्या सभेंत दोन शब्द सांगावे. आणि ती आम्हीं आनंदानें मान्य केली. कारण असा एक पुरुष आम्हांस ठाऊक होता, कीं ज्याचें चरित्र मैदानावर नव्हे, तर एका धर्मग्रामांत सुरूं होतें. त्यांचें नांव लेनी विल्कन्स. गेल्या कांहीं दिवसांत आम्हीं त्यांच्याविषयीं पुष्कळ वाचलें, आणि वाचतां वाचतां आम्हांस आमचीच एक जुनी चूक आठवली. ती पुढें सांगूं.

बास्केटबॉल हा खेळ प्रथम निघाला तोही धर्मशिक्षण घेतलेल्या एका माणसाच्या डोक्यांतून. जेम्स नेस्मिथ ह्या गृहस्थांनीं १८९१ च्या डिसेंबरांत अमेरिकेंतील स्प्रिंगफील्ड गांवीं, हिवाळ्यांत घरांत कोंडलेल्या दांडग्या विद्यार्थ्यांस कांहीं उद्योग द्यावा म्हणून, व्यायामशाळेच्या कठड्यास पीच फळांच्या दोन टोपल्या ठोकल्या. नेस्मिथ आमच्या पंथाचे नव्हते. पण दांडग्या मुलांचें काय करावें हा प्रश्न सर्व पंथांत सारखाच आहे.

लेनी विल्कन्स ह्यांचा जन्म २८ ऑक्टोबर १९३७ रोजीं न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागांत झाला. वडील कृष्णवर्णीय, मोटार चालविण्याचें काम करणारे. आई आयरिश कुळांतील गोरी बाई. त्या काळीं अमेरिकेंतील अनेक राज्यांत असा विवाह कायद्यानें गुन्हा होता. न्यूयॉर्कांत तो गुन्हा नव्हता, परंतु लोकांच्या नजरा कायदा पाहून वळत नाहींत. लेनी पांच वर्षांचा असतां वडील वारले. आई मिठाईच्या कारखान्यांत पुड्या बांधण्याचें काम करूं लागली, आणि सात-आठ वर्षांचा हा मुलगा किराणा दुकानांतील सामान लोकांच्या घरीं पोंचवूं लागला. बेडफर्ड-स्टायव्हेसंट नांवाच्या ज्या वस्तींत हें कुटुंब राहत असे, तेथें मुलांस वाईट वळण लागण्यास फार लांब जावें लागत नसे. लेनी मात्र सकाळीं होली रोझरी ह्या आपल्या देवळांत मिस्सेच्या वेळीं वेदीसेवक म्हणून उभा राही.

त्या धर्मग्रामांत फादर टॉमस मॅनिअन नांवाचे धर्मगुरू होते. बापाविना वाढणाऱ्या ह्या मुलावर त्यांचें लक्ष होतें. मैदानावर खेळतांना ते त्यास पाहत, आणि घरची स्थितिही जाणत. कॅथॉलिक तरुण संघटनेच्या सामन्यांत लेनी खेळे. परंतु शाळेच्या संघांत मात्र तो जवळजवळ शेवटपर्यंत नव्हता. एक तर काम करून चार पैसे घरीं न्यावयाचे होते, आणि दुसरें असें कीं, आपण तितके चांगले आहों असें त्यास वाटतच नसे. बॉईज हायस्कूल ही त्याची शाळा ह्या खेळांत प्रसिद्ध होती. अखेरच्या वर्षीं टॉमी डेव्हिस ह्या मित्रानें (जो पुढें बेसबॉलमध्यें मोठा झाला) आग्रह केला, तेव्हां कोठें तो संघांत शिरला. आणि अर्ध्या हंगामांतच शाळा संपली. आतां मित्रांनो, अर्धा हंगाम खेळलेल्या, सहा फूट एक इंच उंचीच्या डावखुऱ्या मुलास कोणतें कॉलेज विचारणार?

कोणीं विचारलें नाहीं. तेव्हां फादर मॅनिअन ह्यांनीं पत्र लिहिलें. ऱ्होड आयलंड राज्यांत डॉमिनिकन संन्याशांनीं चालविलेलें प्रॉव्हिडन्स कॉलेज आहे. तेथील खेळांचे प्रमुख हेही धर्मगुरूच होते. त्यांस त्यांनीं कळविलें कीं, आमच्या धर्मग्रामांत असा असा मुलगा आहे, त्यास शिष्यवृत्ति द्यावी. पत्र गेलें, पुढें त्या मुलाची पारख झाली, शिष्यवृत्ति मिळाली, आणि किराण्याचें सामान वाहणारा मुलगा अर्थशास्त्र शिकण्यास गेला.

येथें आम्ही क्षणभर थांबतों, कारण येथेंच आम्हांस ती आमची चूक सांगावयाची आहे. पुष्कळ वर्षांमागें आम्ही दुसऱ्या एका धर्मग्रामांत होतों. तेथें एक मुलगा पहांटे घरोघर दूध घालून शाळेंत जात असे. त्यासही वडील नव्हते. एका कॉलेजांत प्रवेश मिळावा म्हणून तो आमच्याकडे शिफारसपत्र मागावयास आला. आम्ही घाईंत होतों. टेबलाच्या खणांत छापील दाखले होते, त्यांतील एकावर नांव घालून, वर्तणूक चांगली असें लिहून, सही-शिक्का करून आम्हीं तो त्याच्या हातीं दिला. सर्व मिळून दोन मिनिटें लागलीं. मुलास प्रवेश मिळाला नाहीं. आमच्या दाखल्यामुळेंच तो मिळाला नाहीं असें आम्ही म्हणत नाहीं. तसें कोणीही सांगूं शकणार नाहीं. पण तो मुलगा पहांटे साडेतीनला उठतो, आणि तरीही गणितांत पहिला येतो, हें आम्हांस माहीत होतें, आणि आम्हीं तें लिहिलें नाहीं. मॅनिअन ह्यांच्या पत्राची हकीकत वाचली तेव्हांपासून तो छापील कागद आमच्या डोळ्यांपुढून हालत नाहीं.

असो. प्रॉव्हिडन्स कॉलेजांत विल्कन्स दोनदां सर्व अमेरिकेंतील निवडक खेळाडूंत गणले गेले. १९६० सालीं न्यूयॉर्कच्या मोठ्या निमंत्रण-स्पर्धेंत त्यांचा संघ अंतिम सामन्यापर्यंत गेला आणि ब्रॅडली विद्यापीठाकडून हरला. तरी स्पर्धेंतील सर्वोत्तम खेळाडू म्हणून निवड झाली ती हरलेल्या संघांतील विल्कन्स ह्यांची. त्याच वर्षीं ते पदवीधर झाले. परंतु रोम येथील ऑलिंपिकसाठीं जो अमेरिकेचा संघ निवडला गेला, त्यांत त्यांचें नांव नव्हतें. हें शल्य त्यांनीं पुष्कळ वर्षें मनांत बाळगलें. ह्या गोष्टीकडे आम्ही पुन्हा येऊं.

त्यानंतर धंदेवाईक खेळ सुरूं झाला. सेंट लुईस येथील हॉक्स संघानें त्यांस घेतलें. मध्यंतरीं सैन्यांत अधिकारी म्हणून सेवा करावी लागल्यामुळें १९६१-६२ च्या हंगामांत ते केवळ २० सामने खेळले. १९६२ सालीं विवाह झाला. सेंट लुईस शहरांत हजारों लोक त्यांच्या खेळास टाळ्या वाजवीत, आणि सामना संपल्यावर त्याच शहरांतील कांहीं खाणावळी त्यांस जेवण देत नसत. त्यांनीं घर घेतलें तेव्हां शेजाऱ्यांनीं आपापल्या घरांवर विक्रीच्या पाट्या लावल्या. पाळलेल्या कुत्र्यास विष घातलें गेलें. ही हकीकत त्यांनीं पुढें स्वतः सांगितली आहे. आमच्या देशांत जातीपातीच्या भिंती ज्यांनीं पाहिल्या आहेत, त्यांस ह्या पाट्यांचा अर्थ फोड करून सांगण्याची गरज नाहीं.

आतां खेळाविषयीं एक गोष्ट मुलांनीं नीट ऐकावी. ज्याच्या हातून चेंडू कडींतून खालीं पडतो त्याचें नांव सर्वांच्या तोंडीं होतें. परंतु त्याच्या हातीं नेमक्या क्षणीं, नेमक्या जागीं चेंडू देणारा दुसराच कोणी असतो. त्या देण्यास ‘असिस्ट’, म्हणजे साहाय्य, म्हणतात, आणि त्याचीही नोंद वहींत होते. विल्कन्स ह्यांचें कौशल्य ह्या देण्यांत होतें. स्वतःही त्यांनीं १७,७७२ गुण मिळविले, ही कांहीं लहान गोष्ट नव्हे. परंतु १९७५ सालीं त्यांनीं खेळ सोडला तेव्हां त्यांच्या नांवावर ७,२११ साहाय्यें होतीं, आणि त्यांच्या पुढें त्या संघटनेच्या इतिहासांत केवळ ऑस्कर रॉबर्टसन हे एकटेच होते. सात हजार वेळां दुसऱ्याच्या हातीं चेंडू दिला. तुमच्यांतील कित्येकांच्या हातीं एकदां चेंडू गेला म्हणजे तो परत कोणास दिसत नाहीं. हें आम्ही ऑफिसच्या खिडकींतून रोज पाहतों.

१९६८ सालीं तें बिऱ्हाड मोडलें. हॉक्स संघ विकला जाऊन अटलांटा शहरीं गेला, वेतनाच्या करारावरून वाद झाला, आणि विल्कन्स ह्यांस सिएटल येथील सुपरसॉनिक्स ह्या नव्या संघाकडे, दुसऱ्या एका खेळाडूच्या बदल्यांत, धाडण्यांत आलें. एक वर्ष गेल्यावर, १९६९ सालीं, त्या संघाच्या चालकांनीं त्यांस सांगितलें कीं, तुम्हीं खेळावें आणि संघाचें शिक्षकपणही करावें. नॅशनल बास्केटबॉल असोसिएशनमध्यें तोंपर्यंत बिल रसेल ह्यांच्यावांचून दुसरा कोणी कृष्णवर्णीय शिक्षक झाला नव्हता. विल्कन्स हे दुसरे. वय बत्तीसाच्या घरांत. ह्या दुहेरी कामाची अडचण ध्यानांत घ्या. काल ज्याच्याशीं थट्टामस्करी केली त्यास आज बाहेर बसवावयाचें. आणि स्वतः थकल्यावर, आपणांस बाहेर बसविण्याचा निर्णयही आपणच करावयाचा. तरी त्या पहिल्या वर्षीं साहाय्यांच्या संख्येंत ते सर्व खेळाडूंत पहिले आले, आणि १९७२ पर्यंत संघ पराभवांपेक्षां अधिक विजय मिळवूं लागला.

त्याचें बक्षीस काय मिळालें? १९७२ सालीं त्यांस क्लीव्हलंडला पाठविण्यांत आलें. सिएटलच्या लोकांस ही गोष्ट मुळींच रुचली नाहीं. विल्कन्स पाहुण्या संघांतून परत तेथें खेळावयास आले, तेव्हां त्यांनीं प्रतिपक्षाच्या ह्या खेळाडूचें उभे राहून स्वागत केलें. पुढें पोर्टलंड येथें एक वर्ष खेळाडू-शिक्षक आणि एक वर्ष नुसते शिक्षक म्हणून काम केल्यावर ते १९७७ सालीं पुन्हा सिएटलला आले. ह्या वेळीं मैदानावर नव्हे, तर कचेरींत, खेळाडूंची निवड पाहणारे अधिकारी म्हणून.

ह्यानंतरचा भाग आम्हांस सर्वांत प्रिय आहे, म्हणून सावकाश सांगतों. त्या वर्षीं हंगामाच्या आरंभीं सिएटलच्या संघानें २२ सामन्यांत केवळ ५ जिंकले, १७ हरले. नोव्हेंबरच्या अखेरीस शिक्षकास दूर करून विल्कन्स ह्यांस खुर्चीवरून उठविलें आणि संघापुढें उभें केलें. त्यांनीं खेळाडूंचा क्रम बदलला. बाहेर बसणाऱ्या तरुणांस आंत घेतलें. राहिलेल्या ६० सामन्यांत तोच संघ ४२ जिंकला, आणि १९७८ च्या जूनांत अजिंक्यपदाच्या अखेरच्या सामन्यास येऊन ठेपला. सात सामन्यांची मालिका, तीन-तीन बरोबरी, सातवा सामना आपल्याच गांवीं.

त्या संघांत डेनिस जॉन्सन नांवाचा तेवीस वर्षांचा तरुण होता. त्या संध्याकाळीं त्यानें चौदा वेळां कडीकडे चेंडू फेंकला, आणि चौदाही वेळां तो बाहेर गेला. एकही आंत पडला नाहीं. सिएटलचा संघ ९९ विरुद्ध १०५ असा वॉशिंग्टनकडून हरला. तुम्हीं कल्पना करा, घरच्या लोकांसमोर, वर्षांतील शेवटच्या रात्रीं, चौदा वेळां!

पुढील हंगामांत विल्कन्स ह्यांनीं त्या तरुणास बाजूस सारलें नाहीं. पहिल्या पांचांत तो होताच. १९७९ मध्यें तेच दोन संघ पुन्हा समोरासमोर आले. पहिला सामना वॉशिंग्टननें जिंकला आणि पुढील चार सिएटलनें. १ जून १९७९ रोजीं अजिंक्यपद मिळालें, आणि अंतिम मालिकेंतील सर्वोत्तम खेळाडू म्हणून ज्याचें नांव पुकारलें गेलें तो डेनिस जॉन्सन. गोष्ट येथेंच थांबविली तर फार गोड होईल. परंतु धर्मासनाजवळ उभें राहून अर्धी गोष्ट सांगणें बरें नव्हे. पुढें त्या दोघांचें पटेनासें झालें, आणि १९८० सालीं जॉन्सन ह्यास फीनिक्सच्या संघाकडे देण्यांत आलें. ज्यास सांभाळून घेतलें त्याच्याशीं आयुष्यभर सूर जमेलच असें नाहीं; आईबापांस हें ठाऊक असतें, आणि धर्मगुरूंसही.

१९८५ पर्यंत विल्कन्स ह्यांनीं सिएटलचें शिक्षकपण केलें, नंतर एक वर्ष त्याच संघाचे व्यवस्थापक झाले. आमच्या मतें खुर्ची त्यांस कधींच मानवली नाहीं. वर्षाअखेरीस ते क्लीव्हलंड संघाचे शिक्षक होऊन गेले. तेथें त्यांनीं चांगला, शहाणा संघ उभा केला. पण ७ मे १९८९ रोजीं शिकागोच्या मायकेल जॉर्डन ह्यांनीं अगदीं शेवटच्या क्षणीं हवेंत लोंबकळत चेंडू टाकला आणि एका गुणानें सामना नेला. तें चित्र आजही जगभर दाखवितात. त्या चित्रांत हरणारा संघ कोणाचा, हें फारसें कोणी विचारीत नाहीं. योगायोग असा कीं, त्याच वर्षीं खेळाडू म्हणून विल्कन्स ह्यांचें नांव ह्या खेळाच्या कीर्तिमंदिरांत कोरलें गेलें. १९९८ सालीं शिक्षक म्हणूनही तें पुन्हा कोरलें गेलें. हा दुहेरी मान फारच थोड्यांस मिळाला आहे.

१९९३ सालीं ते अटलांटा येथें गेले. हा कोणता संघ? तोच हॉक्स संघ, ज्यानें पंचवीस वर्षांपूर्वीं त्यांस दूर केलें होतें. तेथें ६ जानेवारी १९९५ रोजीं त्यांनीं शिक्षक म्हणून ९३९ वा विजय मिळविला आणि रेड अवरबॅक ह्यांचा जुना विक्रम मागें टाकला. आणि १९९६ च्या उन्हाळ्यांत त्याच अटलांटा शहरीं ऑलिंपिक भरलें. अमेरिकेच्या संघाचे मुख्य शिक्षक कोण? रोमला जाणाऱ्या संघांत ज्यांस छत्तीस वर्षांपूर्वीं जागा मिळाली नव्हती, तेच. सुवर्णपदक मिळालें. १९९२ सालीं बार्सिलोना येथें साहाय्यक शिक्षक म्हणूनही ते सुवर्णपदकाचे भागीदार होते. परंतु आम्हांस वाटतें, रोमचें शल्य निघालें असेल तें अटलांटा येथेंच.

टोरोंटो आणि न्यूयॉर्क येथील कामानंतर २००५ सालीं त्यांनीं शिक्षकपण सोडलें. हिशेब असा झाला : विजय १,३३२, पराभव १,१५५. विजयांचा विक्रम पुढें २०१० सालीं डॉन नेल्सन ह्यांनीं मोडला. परंतु पराभवांचा आंकडा पाहा. त्यांच्याइतके सामने हरलेला दुसरा शिक्षक ह्या संघटनेंत नाहीं. हें ऐकून मागच्या बाकांवर कोणी हंसलें. हंसा, पण पुन्हा मोजा. अडीच हजारांस थोडे कमी सामने. त्यांतील जवळजवळ निम्म्या रात्रीं ते हरून घरीं गेले आणि दुसऱ्या दिवशीं सकाळीं सरावास आले. आवाज चढवून खेळाडूंवर ओरडणें हा त्यांचा स्वभाव नव्हता, असें त्यांस ओळखणारे एकमुखानें सांगतात. अकराशेंपेक्षां अधिक पराभव आवाज न चढवितां पचविणें आम्हांस तरी साधलें नसतें. आमच्या वेदीसेवकांस विचारा.

२००६ सालीं सिएटलच्या संघाच्या नव्या मालकांनीं त्यांस उपाध्यक्षपद दिलें आणि पुढें खेळविषयक कारभाराचें प्रमुखपद. २००७ च्या जुलैंत त्यांनीं तें सोडलें, आणि २००८ सालीं तो संघच ओक्लाहोमा सिटीला गेला. विल्कन्स मात्र सिएटलच्या परिसरांतच राहिले. तेथें ओडेसा ब्राउन ह्यांच्या नांवाचा मुलांचा दवाखाना आहे. फी देण्याची ऐपत आहे कीं नाहीं हें न पाहतां तेथें मुलांस औषधोपचार मिळतो. त्या दवाखान्यासाठीं आपल्या प्रतिष्ठानामार्फत त्यांनीं अनेक वर्षें पैसा जमविला. २०२५ च्या जूनांत सिएटलच्या त्या क्रीडागृहाबाहेर त्यांचा पुतळा उभारला गेला. ९ नोव्हेंबर २०२५ रोजीं, वयाच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षीं, ते देवाघरीं गेले.

फादर मॅनिअन ह्यांचा पुतळा कोठें आहे असें आमच्या वाचनांत आलें नाहीं.

आतां सूचना. ऑफिसांतील टेबलाचा तो खण आम्हीं गेल्या आठवड्यांत रिकामा केला. छापील दाखले संपले. ज्या मुलामुलींस कॉलेजासाठीं अगर नोकरीसाठीं पत्र हवें असेल, त्यांनीं आज सभा सुटल्यावर आठ वाजेपर्यंत, आणि उद्यांपासून सकाळच्या मिस्सेनंतर यावें. येतांना घाई करूं नये. अर्धा तास तरी बसावें लागेल, कारण आम्हीं पुष्कळ विचारणार आहों. आणि जपमाळेच्या वेळीं चेंडू बंद.